व्हिप काढून घेतला म्हणजे नक्की काय केलं?

प्रश्न असा आलाय की ब्रेक्झिटच्या (ब्रिटन युरोपीय संघातून बाहेर पडलं त्या) वेळच्या बातम्यांत 'बोरिस जॉन्सननी २१ खासदारांचा व्हिप काढून घेतला' असं येतं, जॉन्सन तेव्हा पंतप्रधान आणि हे खासदार त्यांच्याच हुजूर पक्षाचे, म्हणजे त्यांना मनासारखं मत द्यायला मोकळं सोडलं का? नाही, बरोब्बर उलट, त्यांना संसदीय पक्षातून, म्हणजे पक्षाच्या खासदारांच्या गटातून, हाकललं!

घोळ होतो कारण आपल्याकडे व्हिप बजावतात, झुगारतात, म्हणजे आपल्या डोक्यात व्हिप म्हणजे आदेश. तिकडे या एका शब्दाचे तीन अर्थ आहेत. एक तो माणूस, म्हणजे आपला प्रतोद (हा शब्द मला फार आवडतो, संस्कृतात प्रतोद म्हणजे जनावरं हाकायचा चाबूकच, आणि इंग्रजी शब्दही कोल्ह्याच्या शिकारीत कुत्र्यांना कळपात ठेवणाऱ्या माणसावरून आलाय, इतका चपखल प्रतिशब्द क्वचित मिळतो). दुसरा अर्थ खासदारांना येणारं पत्रक, त्यात ज्या मतदानाखाली तीन रेघा मारल्यात तिथे हजर राहायचं आणि पक्ष सांगेल तसंच मत द्यायचं, म्हणून 'थ्री लाइन व्हिप'. आणि तिसरा अर्थ थेट संसदीय पक्षाचं सदस्यत्व, वरच्या बातमीतला व्हिप तो हा.

३ सप्टेंबर २०१९ ला युरोपीय संघाशी करार न करताच होणारं ब्रेक्झिट रोखायला हुजूर पक्षातले बंडखोर आणि विरोधकांनी मिळून सभागृहाचं कामकाज आपल्या हातात घ्यायचा ठराव आणला, तो ३२८ विरुद्ध ३०१ नी पास झाला आणि सरकार पडलं नाही तरी तोंडावर आपटलं. सरकारच्या विरोधात मत देणाऱ्या स्वपक्षाच्या २१ जणांवर त्याच रात्री कारवाई, त्यात १९७० पासून खासदार असलेले केन क्लार्क आणि चर्चिलचे नातू निकोलस सोम्स पण होते. पण एकाचीही खासदारकी गेली नाही, कारण आपल्या दहाव्या परिशिष्टासारखा पक्षांतरबंदी कायदाच तिकडे नाही. आपल्याकडे व्हिप मोडला की आमदारकीवर येतं, म्हणून तर शिवसेनेतला खरा प्रतोद कोणाचा हा वाद सुप्रीम कोर्टात गेला आणि मे २०२३ मध्ये कोर्टाने सांगितलं की प्रतोद मूळ राजकीय पक्ष नेमतो, विधिमंडळ पक्ष नाही.

म्हणून 'पक्षादेश मागे घेतला' असं भाषांतर कृपया करू नका, वाचणारा पूर्ण उलटा अर्थ घेतो, सरळ 'संसदीय पक्षातून काढलं' लिहा. आणि ऑक्टोबरात सोम्स धरून १० जणांना 'व्हिप परत दिला' असं वाचाल तेव्हा त्यांना संसदीय पक्षात परत घेतलं एवढंच समजा.