वाचक विचारतात: ‘कोकोरो’ गावात कशी वाचावी?

प्रश्न: आमच्या वाचनालयात नात्सुमे सोसेकी या जपानी लेखकाच्या ‘कोकोरो’ कादंबरीची एकच इंग्रजी प्रत आहे. सोयाबीन निघालं की एकाने वाचून मराठीत सांगायचं, बाकीच्यांनी ऐकायचं, असं ठरलंय. किती बैठका लागतील? मंडळी कुठे अडतील?
– एक वाचक, जि. यवतमाळ

उत्तर: बारा बैठका धरा. १९०७ मध्ये विद्यापीठातली नोकरी सोडून सोसेकी ‘असाही शिंबुन’ या दैनिकात गेले. ‘कोकोरो’ १९१४ साली त्यातच हप्त्याहप्त्याने आली, म्हणून प्रकरणं छोटी आणि मोठ्याने वाचायला सोपी आहेत. पहिल्या भागात ३६, दुसऱ्यात १८, तिसऱ्यात ५६, अशी एकूण ११०. बैठकीला नऊ घ्या; शेवटी दोन उरतात, ती अखेरच्या बैठकीला जोडा. तिथे कोणी उठणार नाही.

अडचण येते ती ‘मी’ची. पहिल्या दोन भागांतला ‘मी’ म्हणजे विद्यार्थी. तिसरा भाग म्हणजे सेन्सेईंनी (जपानीत ‘गुरुजी’; विद्यार्थी ज्यांना मानतो ते वडीलधारे गृहस्थ) त्याला लिहिलेलं लांबलचक पत्र, त्यामुळे तिथला ‘मी’ सेन्सेई. त्यात त्यांच्या मित्रालाही नाव नाही, नुसता ‘के’. फळ्यावर कोण कोणाचा ते लिहून ठेवा. मरणाच्या दारातल्या बापाला सोडून पोरगा ते पत्र घेऊन रेल्वेत बसतो. पुढे बापाचं काय झालं, हे सगळे विचारतील. कादंबरी ते सांगतच नाही.

दुसरा भाग उरकू नका. टोकियोत शिकून गावी परतलेला मुलगा, मूत्रपिंडाच्या आजाराने खंगलेला बाप, नोकरीसाठी मागे लागलेली आई: तुमच्याकडे हे कोणाला समजावून सांगावं लागणार नाही. पोरक्या सेन्सेईंची इस्टेट त्यांचा काका गिळतो, ती हकीकत मात्र तिसऱ्या भागात आहे.

तो भाग सुरू करण्याआधी एवढं सांगा: सम्राट मेइजी ३० जुलै १९१२ रोजी वारले, १३ सप्टेंबरला, त्यांच्या अंत्यविधीच्या दिवशी, त्यांचे सेनानी जनरल नोगी आणि नोगींच्या पत्नीने सम्राटांमागे स्वतःहून प्राण दिले. हे ठाऊक नसेल तर सेन्सेईंचा शेवटचा निर्णय आभाळातून पडल्यासारखा वाटतो.

या भागात आत्महत्या आहेत. पहिल्याच बैठकीत ते स्पष्ट सांगा, रहस्य फुटलं तरी चालेल. ज्यांच्या घरात असं घडलंय त्यांना आधी एकटं गाठून विचारा. त्यांना नको असेल तर दोन भागांवर थांबा आणि ‘सान्शिरो’ (१९०८) घ्या. दक्षिणेकडच्या क्युशू बेटावरून रेल्वेने टोकियोला शिकायला निघालेल्या पोराची ती कादंबरी बरीच हलकी आहे.