'रन' या इंग्रजी क्रियापदाचे ६४५ अर्थ आहेत म्हणे. इंटरव्ह्यूपुरते किती पाठ करावेत?

एकही नको.

आकडा खरा आहे. ऑक्सफर्डच्या मोठ्या कोशासाठी पीटर गिलिव्हर या संपादकांनी 'रन' नव्याने लिहायला घेतलं, त्यात त्यांचे नऊ महिने गेले आणि २०११ साली ६४५ अर्थांची बातमी झाली. त्याआधी हा मान 'सेट'चा होता, १९८९च्या आवृत्तीत त्याचे ४३० अर्थ. कोशकार प्रत्येक बारीक छटा वेगळी मोजतो, त्याचं कामच ते. हिंजवडीत मुलाखत घेणारा छटा मोजत नाही, तुमचं वाक्य कुठे अडखळतं ते ऐकतो.

खरी अडचण अर्थांच्या संख्येत नसून 'रन म्हणजे धावणे, पळणे' या शाळेतल्या पहिल्या ओळीत आहे. आमच्याच क्लासमधले एक सर अजूनही फळ्यावर तीच ओळ लिहितात, खाली रन आउट, रन इंटू, रन ओव्हर अशी वीस वाक्प्रचारांची रांग लावतात आणि शनिवारी तिची परीक्षा घेतात. मुलं वीसपैकी अठरा मिळवतात आणि सोमवारी 'माय अंकल ड्राइव्ज अ मेस' म्हणतात. कारण डोक्यात वाक्य आलं 'काका मेस चालवतात', आणि 'चालवणे'समोर 'रन' कुणी ठेवलेलंच नाही. इंग्रज जिथे पळवतो तिथे आपण बहुतेक वेळा चालवतो. इंजिन चालतं, क्लास चालतो, प्रोग्रॅम चालवतात. मेट्रो 'धावली' हे फक्त पेपरात. वनाजच्या स्टेशनवर उभा असलेला माणूस 'मेट्रो चालू आहे का' असंच विचारतो.

तेव्हा 'रन' दिसलं की आधी 'चालणे-चालवणे' लावून बघा. नाही बसलं तर 'वाहणे': नाक, नदी, नळाचं पाणी. तेही नाही तर 'जाणे': रस्ता जातो, रंग जातो. या तिघांत रोजच्या वापरातलं बरंचसं उरकतं.

रंगाशी मात्र जरा थांबा. मराठीत लाल ओढणीचा रंग बादलीत उतरून पांढऱ्या शर्टाला लागला तरी 'रंग गेला', आणि उन्हात वाळवून वाळवून ओढणी फिकी पडली तरी 'रंग गेला'. इंग्रजीत पहिल्याला 'रन', दुसऱ्याला 'फेड'. दुकानदाराला मेल लिहून पैसे परत मागायचे असतील तर हा फरक लागतो. 'द कलर रॅन' म्हणजे धुताना रंग सुटून पसरला, दुसऱ्या कपड्यांनाही लागू शकतो.

आता काळ. चुका अर्थापेक्षा इथे जास्त होतात, आणि यादीत हे कधीच नसतं. जंगली महाराज रस्ता डेक्कनवरून संचेतीकडे जातो, हे सांगताना 'रन्स'. 'इज रनिंग' म्हटलंत की रस्ता आत्ता उठून निघालाय असं वाटतं. भाडेकराराचंही तसंच: 'द अग्रीमेंट रन्स फॉर इलेव्हन मंथ्स'. बसचं वेळापत्रक सांगताना 'रन्स एव्हरी ट्वेंटी मिनिट्स'. पण संपामुळे बंद असतील तर 'बसेस आरन्ट रनिंग टुडे'. ठरलेलं किंवा पसरलेलं असेल तर साधा वर्तमान, आत्ता चालू असेल तर 'इंग'. आणि 'आय ॲम रनिंग लेट' म्हणणारा माणूस सोफ्यावर बसलेला असू शकतो. पळण्याशी त्याचा काही संबंध नाही, त्याला फक्त उशीर होतोय.

रूपं रन, रॅन, रन. 'हॅव रॅन' हे चुकीचं, आणि अनुभवी लोकांच्या सीव्हीतही सर्रास दिसतं.

'रन आउट'चा घोळ बहुधा क्रिकेटच्या कॉमेंटरीने केलाय. फलंदाज 'वॉज रन आउट', कारण त्याला दुसऱ्याने बाद केलं. साखरेला कुणी बाद करत नाही. म्हणून 'शुगर इज रन आउट' नको. 'द शुगर हॅज रन आउट' म्हणा, किंवा माणसापासून सुरुवात करून 'वी हॅव रन आउट ऑफ शुगर'. हे 'ऑफ' गाळलं की वाक्य पडलं. 'रन इंटू'च्या पुढे माणूस असेल तर लक्ष्मी रोडवर अचानक भेट, दुभाजक असेल तर धडक. 'रन ओव्हर'च्या पुढे माणूस असेल तर थेट पोलीस केस. मीटिंग 'रॅन ओव्हर' झाली तर फक्त लांबली.

आयटीवाल्यांनी एवढं तरी पक्कं करावं: 'रनिंग' आणि 'वर्किंग' एक नव्हे. मराठीत दोन्हीला 'चालत नाहीये'. पण रात्री तक्रारीच्या तिकिटावर 'सर्व्हिस इज नॉट रनिंग' लिहिलंत तर पलीकडचा माणूस ती बंद पडली असं समजून पुन्हा सुरू करायला जातो. ती आधीच सुरू असते, फक्त उत्तरं चुकीची देत असते. तिथे 'रनिंग, बट नॉट वर्किंग' हेच लिहायचं. आणि साहेब 'लेट मी रन धिस बाय यू' म्हणाले तर काही चालवायचं नाहीये, तुमचं मत हवंय.

बोलीतलं थोडं. 'डू अ रनर' हे ब्रिटिश, घाईने सटकणे, बऱ्याचदा बिल न देता. 'रनिंग युअर माउथ' म्हणजे तोंडाचा पट्टा. गेम खेळणारी पोरं 'रन इट बॅक' म्हणतात, पुन्हा एकदा होऊन जाऊ दे. निवडणुकीला अमेरिकन 'रन' करतो, ब्रिटिश 'स्टँड'. आपण उभेही राहतो आणि लढवतोही. क्रिकेटबाहेर 'आय हॅव गॉट द रन्स' मात्र चुकूनही नको. त्याचा अर्थ जुलाब लागलेत.

हो, 'चालणे' उलट्या दिशेने सगळीकडे चालत नाही, हे आधीच सांगायला हवं होतं. 'चालेल'ला 'दॅट वर्क्स', 'डोकं चालत नाही'लाही 'वर्क'च, 'त्याचं घरात काही चालत नाही'ला 'ही हॅज नो से'. इथे 'रन' घुसवू नका. ताप अंगात असेल तर 'रनिंग अ टेंपरेचर'. तिथे वरच्या तिघांपैकी कुणीच उपयोगी नाही, ते तसंच लक्षात ठेवावं लागतं. अशी सुटी प्रकरणं आणखीही निघतील. आमचे सर लगेच म्हणतील, बघा, शेवटी पाठांतरच! म्हणू देत. विसातली चार-पाच पाठ करणं आणि वीसच्या वीस घोकणं यात फरक आहे, आणि 'द रोड इज रनिंग' लिहिणारी मुलं त्यांच्याच बॅचची असतात.