वाचकांचे प्रश्न : डेनिस लॉ यांचे काही गोल

प्रश्न : स्कॉटलंडचे फुटबॉलपटू डेनिस लॉ यांनी मँचेस्टर सिटीकडून खेळताना टाचेने मारलेल्या एका गोलामुळे त्यांचाच जुना क्लब मँचेस्टर युनायटेड खालच्या श्रेणीत गेला, असे नेहमी ऐकायला मिळते. यात तथ्य किती? – एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : तो गोल झाला हे खरे आणि युनायटेड त्याच मोसमात दुसऱ्या श्रेणीत घसरली हेही खरे; मात्र त्या गोलामुळे घसरली, हे खरे नाही. 27 एप्रिल 1974 रोजी हा सामना युनायटेडच्याच ओल्ड ट्रॅफर्ड मैदानावर झाला. सामना संपायला थोडीच मिनिटे उरली असताना फ्रान्सिस ली यांनी दिलेला चेंडू गोलजाळ्याकडे पाठ करून उभ्या असलेल्या लॉ यांच्यापर्यंत आला आणि त्यांनी मागे वळूनही न पाहता तो टाचेने ढकलून गोलरक्षक ॲलेक्स स्टेपनी यांच्या पलीकडे धाडला. एरवी गोल झाला की बाहीचे टोक मुठीत धरून एक हात उंच उभारायचा, ही लॉ यांची लकब साऱ्या इंग्लंडला पाठ होती. त्या दिवशी हात खालीच राहिला. सहकारी अभिनंदनाला धावून आले, तरी ते मान खाली घालून चालत राहिले आणि लगेचच बदली खेळाडूला जागा देऊन मैदानाबाहेर गेले. 1962 ते 1973 या अकरा वर्षांत ज्या क्लबासाठी त्यांनी 404 सामन्यांत 237 गोल केले होते, त्या क्लबावर हा गोल होता, आणि लीगमधला त्यांचा हा शेवटचाच सामना ठरला.

आता हिशेब पाहू. त्या काळी विजयाला दोनच गुण मिळत आणि त्या मोसमापासून तळाचे तीन संघ खाली पाठवण्याचा नियम लागू झाला होता. सामन्यापूर्वी युनायटेडकडे 32 गुण होते व हा धरून दोन सामने उरले होते. म्हणजे दोन्ही जिंकले असते तरी मजल 36 पर्यंतच गेली असती. त्याच दुपारी बर्मिंगहॅम सिटीने नॉर्विचला हरवून 37 गुण गाठले आणि युनायटेडची वाट तिथेच बंद झाली. लॉ यांनी चेंडूला पाय लावला नसता, तरीही यात फरक पडला नसता. गुणतक्ता कोणालाही पाहता येतो; तरी पन्नास वर्षे उलटून गेली आणि दोष अजून त्या टाचेवरच आहे.

प्रश्न : लॉ यांनी एकाच सामन्यात सहा गोल केले, पण ते धरले गेले नाहीत, असे वाचले. असे कसे होऊ शकते? – एक वाचक, ठाणे

उत्तर : या प्रश्नाचा वरच्या प्रश्नाशी वाटतो त्यापेक्षा अधिक जवळचा संबंध आहे, कारण दोन्ही सामने अर्धवट थांबवले गेले होते. 28 जानेवारी 1961 रोजी एफए कप या इंग्लंडमधील बाद पद्धतीच्या स्पर्धेत मँचेस्टर सिटी लूटनच्या मैदानावर खेळत होती. तेव्हाही लॉ सिटीकडेच होते. 1960 मध्ये सिटीने हडर्सफील्ड या क्लबाकडून त्यांना 55,000 पौंडांना, म्हणजे त्या वेळच्या विक्रमी ब्रिटिश किमतीला घेतले होते. लूटनने दोन गोलांची आघाडी घेतल्यावर पावसाने चिखल झालेल्या त्या मैदानावर लॉ यांनी एकट्याने सहा गोल केले. सिटी 6-2 अशी पुढे असताना 69 व्या मिनिटाला पंचांनी मैदान खेळण्यालायक उरले नाही म्हणून सामना थांबवला. कपाचा सामना अपुरा राहिला की पुन्हा पहिल्यापासून खेळायचा, असा रिवाज असल्याने सहाही गोल रद्द झाले. फेरसामना लूटनने 3-1 असा जिंकला. सिटीचा एकुलता गोल अर्थातच लॉ यांचा होता.

याउलट 1974 चा सामना प्रेक्षक मैदानात घुसल्यामुळे वेळेपूर्वी थांबला, पण लीगने 1-0 हा निकाल तसाच कायम ठेवला. ज्या सहा गोलांचा लॉ यांना अभिमान वाटला असता ते पुसले गेले आणि जो एक गोल स्वतः त्यांनाही नकोसा होता तो कायमचा नावावर राहिला. माझ्या मते हा नियमांचा दोष नव्हे. कपाच्या सामन्याची 21 मिनिटे उरली होती, लीगच्या सामन्याची जेमतेम चार-पाच. पण खेळाडूला अशी कारणे पटतातच असे नाही.

प्रश्न : एवढ्या मोठ्या खेळाडूचे नाव विश्वचषकाच्या इतिहासात का दिसत नाही? – एक वाचक, पुणे

उत्तर : 1940 मध्ये ॲबर्डीनमध्ये एका कोळ्याच्या घरी सात भावंडांतले धाकटे म्हणून जन्मलेले लॉ लहानपणी तिरळ्या डोळ्यामुळे चष्मा लावत आणि खेळताना तो डोळा मिटून घेत, हडर्सफील्डला गेल्यावर त्यावर शस्त्रक्रिया झाली. वयाच्या अठराव्या वर्षी ते स्कॉटलंडकडून खेळले. 1964 मध्ये बॅलन डी'ओर हा युरोपातील सर्वोत्तम फुटबॉलपटूचा पुरस्कार मिळाला, जो आजवर दुसऱ्या कोणा स्कॉटिश खेळाडूला मिळालेला नाही. देशासाठी त्यांनी 55 सामन्यांत 30 गोल केले. स्कॉटलंडच्याच केनी डॅल्ग्लिश यांचेही 30 गोल आहेत, पण 102 सामन्यांत. अडचण एवढीच, की लॉ ऐन भरात होते त्या 1962, 1966 आणि 1970 या तिन्ही स्पर्धांसाठी स्कॉटलंड पात्रच ठरले नाही. 1974 मध्ये ते पात्र ठरले तेव्हा लॉ 34 वर्षांचे होते. जर्मनीतील डॉर्टमुंडला झाईरविरुद्ध (आजचे काँगो लोकशाही प्रजासत्ताक) त्यांना खेळवले, त्यांना गोल करता आला नाही, आणि पुढच्या दोन सामन्यांत त्यांना स्थान मिळाले नाही. झाईरविरुद्ध 2-0 असा विजय आणि ब्राझील व युगोस्लाव्हियाशी बरोबरी, असे एकही सामना न हरता स्कॉटलंड गोलफरकावर बाहेर पडले. ब्राझीलचा फरक तीन होता, स्कॉटलंडचा दोन.