काय खावं हे लोकांना कळतं, मग पोषणाच्या संशोधनावर सरकारने पैसा का घालवायचा?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय की हैदराबादची राष्ट्रीय पोषण संस्था, अंगणवाड्या, सर्वेक्षणं हे सगळं गुंडाळावं आणि पैसे थेट लोकांच्या खात्यात टाकावेत, कारण ‘आपल्या आजीला कुणी प्रोटीन शिकवलं नव्हतं’. खरंय. पण आजीची बाळंतपणं किती झाली आणि त्यातली किती मुलं हाती लागली, तेही एकदा घरात विचारून बघा.

मी आधी अंगणवाडी सेविका आणि नंतर मुख्यसेविका म्हणून ३१ वर्षं काढली. माझ्या देखरेखीखालच्या भागात, म्हणजे बीटमध्ये, २३ अंगणवाड्या, निम्म्या पाड्यांवर. त्यामुळे हा प्रश्न वाचून गप्प बसवलं नाही.

काय खावं हे लोकांना कळतं, मान्य. माझ्या बीटमधल्या एकाही आईला डाळ चांगली असते हे सांगावं लागलं नाही. तिला डाळ परवडत नव्हती. २०२४ साली त्याच हैदराबादच्या संस्थेने आहाराची १७ मार्गदर्शक तत्त्वं काढली. छान आहेत, पण ती भरल्या घरातल्या मधुमेहवाल्यांनी वाचावीत. आईला कळत नाही ते वेगळंच: आपलं मूल खंगतंय हे तिला दिसत नाही. रोज डोळ्यांसमोर असलेलं मूल रोज तेवढंच दिसतं. त्यातून पाड्यावरची सगळीच मुलं तशी असली की दोन वर्षांचं पोर सव्वा वर्षाचं वाटतं आणि ‘आमच्याकडे असंच असतं’ म्हणून विषय संपतो. ते काट्यावरच कळतं. आणि तो काटा घेऊन पाड्यावर दुसरं कोणी जात नाही हो, कंपनीही नाही आणि यूट्यूबवरचा आहारतज्ज्ञही नाही.

आता काट्याचंच सांगते. आमच्याकडे सॉल्टरचा टांगता काटा असायचा. तो आढ्याला बांधायचा, खाली झोळी अडकवायची, वरचा स्क्रू फिरवून रिकाम्या झोळीसकट शून्य करायचं आणि मग मूल बसवायचं. शून्य करायचं राहिलं, किंवा ‘राहिलं’, तर प्रत्येक मुलाच्या वजनात झोळीही मोजली जाते. तीनशेएक ग्रॅम.

२०११च्या ऑगस्टमध्ये एका पाड्यावर मी स्वतः वजनं घ्यायला बसले. तिथल्या सेविकेचे आकडे महिनोन्‌महिने फार सुरेख येत होते, म्हणूनच गेले. एक मुलगी होती, बरोब्बर २४ महिन्यांची, कमरेला काळा करगोटा, झोळीत बसवल्यावर रडलीसुद्धा नाही. न रडणारं मूल बघितलं की माझ्या पोटात गोळा येतो. रजिस्टरला ८ किलो २००. मी झोळी शून्य करून घेतलं तर ७ किलो ९००. त्या वयाच्या मुलीची तीव्र कमी वजनाची रेघ ८.१वर असते. वाढीच्या तक्त्यावर त्या रेघेखालचा पट्टा नारिंगी, तिच्या वरचा, मध्यम कमी वजनाचा, पिवळा. म्हणजे तीनशे ग्रॅम कापडाने मुलगी नारिंगी पट्ट्यातून पिवळ्यात गेली होती. आई हसून म्हणाली, “बाई, ती बारकीच हाय. तिचा बा बी बारकाच.”

मग मी चार दिवसांत जमतील तेवढ्या अंगणवाड्यांची वजनं पुन्हा घेतली. बीटच्या अहवालात नारिंगी मुलं ३ होती, ती १९ झाली. मासिक बैठकीत साहेबांनी सगळ्यांसमोर उभं केलं. “मागच्या महिन्यात तीन, या महिन्यात एकोणीस. एका महिन्यात दुष्काळ पडला का तुमच्या बीटमध्ये?” पुढे म्हणाले, “हे तक्ते परदेशी आहेत. आपली मुलं मुळातच लहानखुरी.” आठवड्यात कारणे दाखवा नोटीस हातात. पोरांच्या वजनाबद्दल त्यात ओळ नव्हती, ‘कामात कुचराई’ होती.

तेव्हा मला उत्तर देता आलं नाही, आज देते. तो तक्ता परदेशी नाही. जागतिक आरोग्य संघटनेने १९९७ ते २००३ या काळात ब्राझील, घाना, भारत, नॉर्वे, ओमान आणि अमेरिका या सहा देशांतली साडेआठ हजारांच्या आसपास मुलं मोजून तो बनवला, २००६ साली जाहीर केला. भारतातली मुलं दक्षिण दिल्लीची होती. आईचं दूध, नीट वरचा आहार आणि स्वच्छ घर मिळालं की पहिल्या पाच वर्षांत सहाही ठिकाणची मुलं जवळपास सारखीच उंच होतात, हे त्यातून दिसलं. म्हणजे ‘बा बी बारका’ यालाही बरंचसं कारण बापाच्या लहानपणी त्याच्या ताटात काय होतं हेच. असा अभ्यास तुमच्या खात्यात पैसे टाकून होत नसतो.

घरी आमचे हे. जिल्हा परिषदेच्या शाळेत गणिताचे मास्तर. नोटीस वाचून म्हणाले, “लिही ना तीन. तुझ्या लिहिण्याने पोरांची वजनं वाढणार आहेत का?” त्या वाक्यावरून आमची जी जुंपली ती अजून पूर्ण मिटलेली नाही. माणूस वर्गात अर्ध्या गुणासाठी पोरांना रडवायचा, आणि मला म्हणतो तीन लिही.

आणि मी काय केलं? पुढच्या महिन्यात खरी १७ होती. मी ९ लिहिली. कोणती आठ गाळायची ते मीच ठरवलं, काठावरची. ती मुलगी आठ किलोची झाली होती, पण महिनाभराने मोठीही झाली होती, रेघ ८.२वर सरकलेली. काठावरचीच. नारिंगी यादीतल्या मुलांची उंची आणि दंडघेर पाहून कोणाला ग्राम बाल विकास केंद्रात महिनाभर जास्तीचं खाणं द्यायचं ते ठरायचं. यादीतच नाव नाही म्हटल्यावर तिची उंची कोण घेणार? त्या हिवाळ्यात ती न्यूमोनियाने आठ दिवस ग्रामीण रुग्णालयात होती. जगली. माझ्या आकड्यामुळे झालं असं म्हणत नाही. नाही झालं असंही मला म्हणता येत नाही.

म्हणून सरकारने काय करावं या तुमच्या मूळ प्रश्नाला माझं एकच उत्तर आहे: मोजावं, आणि मोजलेलं लिहू द्यावं. खायला घालणं दानशूर करतील, देवळं करतील, तुमचे पैसेही करतील कदाचित. मोजायला दुसरं कोणी येत नाही. हिमाचलातल्या कांगडा खोऱ्यात घरोघरी गलगंड होता, म्हणून तो कुणाला आजार वाटत नव्हता. १९५६पासून वैद्यक संशोधक डॉ. रामलिंगस्वामी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी खोऱ्याचे भाग पाडले, काही भागांत आयोडीनचं मीठ, एका भागात साधं, आणि वर्षानुवर्षं गळे तपासत बसले. आयोडीनवाल्या भागांत गलगंड घटला, साध्या मिठाच्या भागात तसाच राहिला. त्यावरून १९६२मध्ये राष्ट्रीय गलगंड नियंत्रण कार्यक्रम सुरू झाला. सप्टेंबर २०००मध्ये बिनआयोडीनच्या मिठावरची बंदी केंद्राने उठवली, तुमच्यासारखाच विचार करून, की लोकांवर सक्ती कशाला. मे २००६मध्ये ती परत आणावी लागली. आज तुमच्या घरच्या मिठाच्या पुडीवर जे छापलेलं असतं ते तिथून आलंय. (सैंधववाल्यांनी खाली वाद घालू नये, आमच्या दिरांशी घालून झालाय.)

उलटंही घडलंय. १९७२पासून राष्ट्रीय पोषण निरीक्षण विभाग महाराष्ट्रासकट दहा राज्यांत लोकांच्या ताटात खरोखर काय पडतं ते घरोघरी जाऊन पाहायचा. तो २०१५मध्ये बंद केला. ओरडलं कोण? कोणीच नाही. रस्ता बंद झाला असता तर मोर्चा निघाला असता.

आणि अंगणवाडीच्या बाबतीत सरकारची बाजू मी घेणार नाही. मुलाला दिवसाला ५०० कॅलरी आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिनं, तीव्र कुपोषिताला ८००, हे आमच्या वेळी कागदावर चोख होतं. त्या हिशोबाने टीएचआरची, म्हणजे घरी न्यायच्या तयार आहाराची, पाकिटं आली. पोरांनी तोंड फिरवलं, म्हशीने खाल्ली. मी डोळ्यांनी पाहिलंय. आत काय आहे हे प्रयोगशाळेत तपासलं, पोर खातंय का हे कुणी बघितलं नाही.

दुसरं म्हणजे, योजना राबवणाऱ्यानेच आपले गुण भरायचे, ही पद्धत मुळात चुकीची आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात वेगळी माणसं येऊन मोजतात, आणि २०१९–२१च्या फेरीत महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची ३६.१ टक्के मुलं कमी वजनाची निघाली. आमच्या मासिक अहवालात एवढी कधीच नसायची. आता सेविका फोनमध्ये भरतात, पोषण ट्रॅकर नावाच्या सरकारी ॲपवर. झोळी शून्य केली होती का, हे फोनला दिसत नाही.

सेविकांना दोष देऊ नका मात्र. मानधन तेवढंसं, वरून रजिस्टरांचा ढीग, आणि खरं लिहिलं की नोटीस. त्या पाड्यावरच्या सेविकेला मी त्या दिवशी फार बोलले. पुढच्या महिन्यात मीही तेच केलं, हे तिला कधी सांगितलं नाही.

आमच्या ह्यांना तीन वर्षांपूर्वी साखर निघाली. डॉक्टरांनी सहा किलो कमी करायला सांगितलंय. रोज सकाळी काट्यावर चढायच्या आधी घड्याळ काढतात, चष्मा काढतात, खिशातल्या किल्ल्या टेबलावर ठेवतात. मी स्वयंपाकघरातून बघत असते.