गिऱ्हाईक दुसऱ्याकडे पाठवणारा मुलगा

प्रश्न: मुलगा मेकॅनिकल डिप्लोमा आहे. बेळगावच्या उद्यमबागेत भाड्याच्या शेडमध्ये दोन लेथ (धातू कातायची यंत्रं) टाकून जॉबवर्क, म्हणजे दुसऱ्यांच्या मालावर मजुरीने काम करतो. ग्राइंडिंगचं, म्हणजे घासून नेमक्या मापाला आणायचं काम आलं की गिऱ्हाइकाला सरळ दुसऱ्या शेडचा पत्ता देतो, कमिशनही घेत नाही. अशानं धंदा कसा उभा राहणार? – एक पालक, खानापूर

उत्तर: नमस्कार. काळजी रास्त आहे, पण मुलगा भाबडा नाही. हायड्रॉलिक सिलिंडरचा साधा रॉड घ्या. टर्निंग (लेथवर कातणं) एकाकडे, हार्ड क्रोमचा मुलामा दुसऱ्याकडे, ग्राइंडिंग तिसऱ्याकडे. नुसत्या लेथवर बसून ग्राइंडिंगचं मापही मीच देतो म्हणणाऱ्याचा माल रिजेक्ट होतो, आणि गिऱ्हाईक तर जातंच. उलट ग्राइंडिंगवाल्याकडे टर्निंग न झालेला शाफ्ट आला, की त्याला तुमचा मुलगाच आठवेल.

कमिशन घेत नाही हेही बरंच. घेतलं की गिऱ्हाइकाला शंका येणारच: याने चांगल्या कामासाठी पाठवलं की पैशासाठी? पेशंट पाठवल्याबद्दल कमिशन घ्यायला डॉक्टरांना नियमानेच बंदी आहे. लेथवाल्याला नाही, पण कारण तेच.

मात्र नुसता पत्ता देऊन भागत नाही. आधी त्या शेडला फोन करावा: मटेरियल कुठलं, नग किती, टॉलरन्स (मापात चालणारा फरक) किती, माल कधी हवा. ड्रॉइंग गिऱ्हाइकाचं असतं. त्याला विचारल्याशिवाय व्हॉट्सअ‍ॅपवर पुढे ढकलू नये. आठवड्याने काम कसं झालं ते विचारावं. आणि पैसे बुडवणारं गिऱ्हाईक गळ्यात मारायचं असेल, तर निदान तसं सांगून मारावं!

मदत कामापुरतीच असते असंही नाही. कोल्हापूरच्या पार्टीने बेळगावला जॉबवर्कला माल पाठवला, तर राज्य बदलतं म्हणून किंमत कितीही कमी असली तरी ई-वे बिल (माल वाहतुकीसाठीचं जीएसटीचं ऑनलाइन बिल) लागतं. ५० हजारांच्या आत चालतं अशा समजुतीत राहिलेल्या शेजाऱ्याला हे वेळेवर सांगितलं, तर तो विसरत नाही. शेजारी कन्नड बोलणारा असेल तर कन्नडमधूनच सांगावं. मुलाला मोडकंतोडकं येत असेल तर ते आधी सुधारू दे.

त्याला एक वही घालायला सांगा: कुठलं काम, कुणाकडे, किती रुपयांचं पाठवलं. दर महिन्याला ग्राइंडिंगचीच कामं बाहेर जात असतील, तर स्वतःच्या मशीनचा हिशेब याच वहीतून मांडता येईल. मशीन घ्यायचं ठरलं, तर ते आधी त्या ग्राइंडिंगवाल्याच्या कानावर घालावं.