आर्ट डिपार्टमेंटमध्ये नवीन आहेस? मग आधी एवढंच कर

अभिनंदन! स्केचिंग, थ्रीडी सॉफ्टवेअर हे सगळं नंतर. पहिल्या फिल्मला एवढंच सांभाळ:

१. पटकथा निदान तीनदा वाच. दुसऱ्या वाचनात प्रत्येक सीनची जागा, वेळ आणि पात्रांच्या हातात येणारी प्रत्येक वस्तू लिहून काढ. ही यादी म्हणजे तुझं निम्मं काम.

२. रेकीला, म्हणजे शूटिंगची जागा आधी बघायला जाताना, टेप ने. दाराची रुंदी आधी मोज. कपाट जिन्यातच अडकलं की अख्खं युनिट तुझ्याकडे बघत बसतं.

३. काळ तपास. नवखे हमखास इथेच घसरतात. १९६५ च्या पत्रावर पिनकोड नको, तो १९७२ ला आला. रंगीत टीव्ही १९८२ चा. किराणा दुकानाच्या पाटीवर ₹ दिसलं, तर काळ २०१० नंतरचाच हवा. आणि जुनं घर म्हणजे सगळंच जुनं नव्हे! १९७५ च्या घरात आजीचा पितळी डबा असतो, तसा त्याच वर्षी घेतलेला रेडिओही असतो. नवीन भिंत तशीच सोडू नकोस. स्विचभोवती बोटांचे डाग, खुर्चीमागे डोक्याच्या तेलाचा काळपट पट्टा हवाच. पण रंगाच्या आधी कॅमेरामनला विचार, पांढऱ्याफेक भिंती त्यांना बहुधा नकोच असतात.

४. शॉट संपला की लगेच फोटो काढ, मगच सामान हलव. म्हणजे पुढच्या शॉटला सगळं होतं तसंच मांडता येईल.

सेट उभारणाऱ्या, सामान हलवणाऱ्या सेटिंगवाल्या दादांशी नीट बोल. बजेटचं गणित सध्या सीनियरवर सोड.