जुन्या वस्तू जमवायला लागलात? आधी एवढं सांभाळा

पहिली जुनी वस्तू घरी आणली असेल, तर आनंदच आहे. सुरुवातीला एकच विषय धरा. दिसेल ते उचललं की घराची अडगळ होते.

नवख्यांची सगळ्यात मोठी चूक म्हणजे घासून लखलखीत करणं. पितळेवर, नाण्यांवर वर्षानुवर्षं चढलेली काळपट छटा हेच त्यांचं वय. ती एकदा गेली की गेली! मऊ, कोरड्या फडक्याने धूळ टिपा, बस्स.

- लाकडाखाली ताजा बारीक भुसा दिसला, तर कीड समजा. ती वस्तू लगेच वेगळी ठेवा.
- नाणी पीव्हीसीच्या (एका प्रकारच्या प्लॅस्टिकच्या) पाकिटात नकोत, हिरवा चिकट थर धरतो.
- जुने फोटो उन्हापासून लांब.

आणि कोणती वस्तू कुणाकडून, कधी आली ते आजच वहीत लिहा. मी पहिली काही वर्षं लिहिलं नाही, ते अजून सलतं.